हॉर्सलिप्सचं पहिलं सिंगल 'जॉनीज वेडिंग' (१९७२): वारंवार विचारले जाणारे प्रश्न

आयरिश संगीत ऐकणाऱ्या मराठी मित्रमंडळींत हॉर्सलिप्सचं नाव निघालं की ठरावीक प्रश्न पुन्हा पुन्हा येतात. बहुतेकांनी त्यांचं 'डॅरग डूम' हे गाणं ऐकलेलं असतं, पण त्याच्या आधीची पहिली रेकॉर्ड, म्हणजे 'जॉनीज वेडिंग' हे सिंगल (दोन बाजूंना एकेक गाणं असलेली छोटी रेकॉर्ड), कोणाला फारशी माहीत नसते. मला मात्र या बँडच्या सगळ्या गोष्टीचं मूळ त्या पहिल्या छोट्या रेकॉर्डमध्येच दिसतं. त्यामुळे प्रश्न आणि उत्तरं एकाच जागी लिहून ठेवतो आहे.

हॉर्सलिप्स कोण?

डब्लिनमध्ये १९७० साली जमलेला आयरिश रॉक बँड. यातले बॅरी डेव्हलिन, एमन कार आणि चार्ल्स ओकॉनर हे तिघे 'आर्क्स' नावाच्या जाहिरात कंपनीत काम करत होते. एका बिअरच्या जाहिरातीसाठी पडद्यावर बँड दाखवायचा होता, तेव्हा या तिघांनाच बँड म्हणून उभं राहायला सांगितलं. कीबोर्डवर कोणीतरी हवं होतं, म्हणून जिम लॉकहार्टला बोलावलं. जाहिरातीपुरता केलेला हा प्रकार त्यांना इतका आवडला की त्यांनी खराखुरा बँड काढायचं ठरवलं.

कोण काय वाजवायचं हेही सांगून टाकतो. डेव्हलिन बास गिटार आणि गायन. कार ड्रम्स. ओकॉनर फिडल (म्हणजे व्हायोलिनच), मँडोलिन आणि कॉन्सर्टिना (हातात धरून वाजवायची भात्याची छोटी पेटी). लॉकहार्ट कीबोर्ड, बासरी आणि टिन व्हिसल. इलेक्ट्रिक गिटारची जागा सुरुवातीला बदलत राहिली, तिच्याबद्दल पुढे येईलच. नाव म्हणाल तर बायबलमधल्या प्रलयाच्या चार घोडेस्वारांच्या इंग्रजी नावातली अक्षरं उलटीपालटी करून ते तयार झालं.

सगळे आयरिशच होते का?

ओकॉनर इंग्लंडमधल्या मिडल्सब्रोचा. डेव्हलिन उत्तर आयर्लंडमधल्या, म्हणजे ब्रिटनच्या ताब्यातल्या भागातल्या, टायरोन परगण्याचा. लॉख नेय सरोवराच्या काठी आर्डबो नावाचं गाव आहे, तिथला. कवी शेमस हीनी यांच्या पत्नी मेरी या त्याच्या बहीण. कार मीथ परगण्यातल्या केल्सचा, लॉकहार्ट डब्लिनचा. म्हणजे एकाच बँडमध्ये सीमेच्या दोन्ही बाजूंचे आणि समुद्रापलीकडचेही लोक होते. पुढे ज्या काळात ते देशभर कार्यक्रम करत हिंडले, त्या काळात ही गोष्ट साधी नव्हती.

'सेल्टिक रॉक' म्हणजे नक्की काय?

आयर्लंड, स्कॉटलंड, वेल्स, कॉर्नवॉल, आइल ऑफ मॅन आणि फ्रान्समधला ब्रिटनी या भागांत सेल्टिक भाषा बोलल्या जायच्या, काही ठिकाणी अजून बोलतात. तिथल्या जुन्या नृत्यधुना आणि गाणी इलेक्ट्रिक गिटार, बास आणि ड्रम्सवर वाजवली की त्याला ढोबळमानाने सेल्टिक रॉक म्हणतात. हॉर्सलिप्सचं संगीत याच प्रकारातलं. स्कॉटिश गायक डोनोव्हनच्या १९७० च्या 'ओपन रोड' अल्बममध्ये 'सेल्टिक रॉक' नावाचंच एक गाणं आहे. म्हणजे शब्द हॉर्सलिप्सच्या आधीपासून होता.

लोकसंगीतावर रॉक चढवण्याचे प्रयोगही त्यांच्या आधी झाले होते. फेअरपोर्ट कन्व्हेन्शनचा 'लीज अँड लीफ' १९६९ चा, पण तो मुख्यतः इंग्लिश लोकगीतांवर उभा आहे. ब्रिटनीचा हार्पवादक अलान स्टिव्हेल याने २८ फेब्रुवारी १९७२ ला पॅरिसच्या ओलंपियात गाजलेली मैफल केली. त्यानंतर काही आठवड्यांतच डब्लिनमध्ये 'जॉनीज वेडिंग' निघालं. दोन ठिकाणच्या दोन वेगळ्या माणसांना एकाच वेळी एकच गोष्ट सुचावी, याचं मला फार अप्रूप वाटतं. आपल्या आजोबांच्या काळच्या चाली आणि आपल्या वयाचा गिटारचा आवाज यांतलं एक सोडून दुसरं निवडायला ती पिढी तयार नव्हती.

हे सिंगल नक्की कधी निघालं? त्यावर काय आहे?

मार्च १९७२ मध्ये. त्या वर्षीच्या सेंट पॅट्रिक्स डेला, म्हणजे १७ मार्चला, हॉर्सलिप्सने पूर्णवेळ व्यावसायिक बँड म्हणून सुरुवात केली आणि त्याच सुमारास ही रेकॉर्ड आली. 'ए' बाजूला 'जॉनीज वेडिंग', 'बी' बाजूला 'फ्लॉवर अमंग देम ऑल'. लेबलचं नाव 'ओट्स', आणि ते लेबल बँडच्या स्वतःच्या मालकीचं होतं. हा शेवटचा मुद्दा सगळ्यांत महत्त्वाचा आहे, त्यावर खाली सविस्तर लिहिलं आहे.

यातला 'जॉनी' म्हणजे गिटारिस्ट जॉनी फीन का?

नाही. जुन्या धुनेचंच ते नाव आहे. जॉनी फीन तेव्हा बँडमध्ये आलाही नव्हता. हा गैरसमज फार पसरलेला आहे, कारण आज हॉर्सलिप्स म्हटलं की फीनचीच गिटार कानात वाजते.

त्या वेळी बँडमध्ये गिटारवर डेक्लन सिनॉट होता. तो आणि एमन कार आधी 'टारा टेलिफोन' या काव्य-संगीत गटात एकत्र होते. सिंगल निघाल्यानंतर लवकरच सिनॉट बाहेर पडला. १९७२ च्या ईस्टरच्या सुमारास आर्डमोर स्टुडिओच्या आवारात बँडने एका संत्र्याच्या शीतपेयाची जाहिरात केली, ती त्याला मुळीच पटली नाही. पुढे 'मूव्हिंग हार्ट्स' या बँडमध्ये त्याने मोठं काम केलं. त्याच्यानंतर गस गेस्ट थोडे दिवस होता, आणि मग फीन आला. तिथून १९८० पर्यंत पाच जणांचा संच कायम राहिला.

जाहिरातीवरून झालेल्या या फाटाफुटीत चूक कोणाची, असंही विचारतात. बँड जाहिरातीच्या धंद्यातूनच जन्मलेला होता, त्यामुळे डेव्हलिन-कार मंडळींना त्यात वावगं वाटलं नसणार. सिनॉट वेगळ्या वाटेने आलेला वादक होता. दोन्ही बाजू मला समजतात. पहिलं सिंगल नुकतं बाहेर पडलं असताना गिटारिस्ट गेला तरी बँड टिकला, याचं श्रेय उरलेल्या चौघांच्या चिकाटीला आहे.

ही धून त्यांनीच रचली का?

नाही. धून पारंपरिक आहे, मांडणी बँडची. हे नीट समजायला आयरिश नृत्यसंगीताची रचना थोडी माहीत हवी, म्हणून या प्रश्नावर जरा रेंगाळतो.

आयरिश धुनांचे मुख्य दोन प्रकार कानावर पडतात, रील आणि जिग. आपल्या कानाला ओळख पटवायची तर रील केरव्यासारखी मोजा आणि जिग दादऱ्यासारखी. रीलमध्ये आठ-आठ स्वरांचे गट भरभर धावतात, जिगमध्ये तीन-तीनचे गट डुलत जातात. धून साधारणपणे दोन भागांची असते. पहिला भाग आठ मापांचा, तो दोनदा वाजवतात. मग दुसरा भाग, बहुधा वरच्या पट्टीत चढणारा, तोही दोनदा. एवढं झालं की पुन्हा पहिल्यापासून. चांगल्या वेगात हा पूर्ण फेरा पाऊण मिनिटाच्या आतच संपतो. म्हणून वादक एकाला लागून दुसरी, दुसरीला लागून तिसरी धून जोडतात आणि नाच चालू राहतो.

पारंपरिक बैठकीत सगळे मिळून एकच धून वाजवतात. फिडल, बासरी, पाइप्स, कॉन्सर्टिना, सगळी वाद्यं एकाच रेषेवरून जातात आणि प्रत्येक जण आपल्या हरकती घेतो. खाली स्वरांची साथ असलीच तर अगदी माफक. ठेका वेगळा दाखवावा लागत नाही, तो वाजवणाऱ्याच्या गजात आणि श्वासातच असतो.

आता याच धुनेखाली ड्रम्स आणि बास ठेवले की मोठी अडचण उभी राहते. रॉकचा ड्रमर दुसऱ्या आणि चौथ्या मात्रेवर जोर देतो. रीलचा जोर वेगळीकडे असतो. ड्रमरने आपलाच ठेका रेटला तर धून खाली चिरडते, आणि धुनेच्या मागे मागे गेला तर रॉकचा जोम येत नाही. शिवाय बास गिटार आली की धुनेला खालचे स्वर मिळतात, म्हणजे कोणत्या जागी कोणता आधारस्वर द्यायचा हे ठरवावं लागतं, जे जुन्या वादकांनी कधी ठरवलंच नव्हतं. हॉर्सलिप्सने हा प्रश्न अगदी पहिल्या रेकॉर्डपासून हातात घेतला. 'जॉनीज वेडिंग' ऐकताना एकदा नुसत्या फिडलकडे लक्ष द्या, मग पुन्हा लावून नुसत्या ड्रम्सकडे द्या. दोघांची ओढाताण कुठे चालली आहे आणि कुठे जमून गेलं आहे, ते आपोआप कळेल. पुढच्या रेकॉर्डमध्ये ही जोडणी कितीतरी सफाईदार झाली, पण पहिल्या प्रयत्नातला ताजेपणा या सिंगलमध्ये आहे आणि मला तो फार प्रिय आहे.

'बी' बाजूचं काय?

'फ्लॉवर अमंग देम ऑल' हीसुद्धा जुनी धून. तिचं नाव स्कॉट्स वळणाचं आहे. पुढे पहिल्या अल्बममध्येही ही धून आहे. 'जॉनीज वेडिंग' मात्र त्या अल्बममध्ये नाही, म्हणून अनेकांच्या ऐकण्यातून ते सुटतं.

तेव्हा आयर्लंडमध्ये रॉक बँड नव्हते का? यांचं एवढं कौतुक कशाला?

होते. पण परिस्थिती समजून घ्यायला हवी. १९६० च्या दशकात आयर्लंडच्या गावोगावी बॉलरूम म्हणजे नाचाचे मोठे हॉल होते आणि तिथे 'शोबँड' वाजवायचे. सूट घातलेले सात-आठ वादक, ब्रासची वाद्यं, आणि इंग्लंड-अमेरिकेतली चालू गाणी जशीच्या तशी. वॉटरफर्डचा रॉयल शोबँड त्यातला सर्वांत नावाजलेला. हे वादक कच्चे नव्हते. रोरी गॅलहरसारखा गिटारिस्टही शोबँडमधूनच वर आला. पण स्वतःचं काही वाजवायला तिथे वाव नव्हता.

ज्यांना स्वतःचं वाजवायचं होतं ते लंडन गाठायचे. व्हॅन मॉरिसन गेला, गॅलहर गेला. डब्लिनच्या थिन लिझी या रॉक बँडचं पहिलं सिंगल 'द फार्मर' १९७० मध्ये आयर्लंडमध्ये निघालं, पण १९७१ मध्ये तेही लंडनला गेले. मोठ्या कंपन्या तिथे, चांगले स्टुडिओ तिथे, वर्तमानपत्रं तिथे.

दुसरीकडे पारंपरिक संगीताला नवं बळ येत होतं. शॉन ओ रीअडा यांनी जुन्या धुनांची वाद्यवृंदासाठी नव्याने मांडणी करून शहरातल्या श्रोत्यांना त्या संगीताकडे वळवलं. त्यांच्याच वादकांमधून १९६२ मध्ये 'द चीफटन्स' तयार झाले. ओ रीअडा ऑक्टोबर १९७१ मध्ये गेले. लॉकहार्टवर त्यांचा खोल प्रभाव होता. १९७२ मध्येच प्लँक्सटी हा गट जमला.

हॉर्सलिप्स या दोन्हींच्या मधोमध आले. त्यांनी लंडन गाठलं नाही, मुक्काम आयर्लंडमध्येच ठेवला आणि ज्या बॉलरूममध्ये शोबँड वाजवायचे तिथेच आपले कार्यक्रम लावले. गावातल्या पोरापोरींनी त्या हॉलमध्ये आयुष्यात पहिल्यांदा आपल्या घरची धून एवढ्या मोठ्या आवाजात ऐकली. कौतुक त्याचं आहे.

पण 'व्हिस्की इन द जार' तर आधीचं ना?

ते आयरिश लोकगीत जुनं, पण थिन लिझीने त्याला रॉकचं रूप दिलेलं सिंगल नोव्हेंबर १९७२ चं. ब्रिटनमध्ये ते १९७३ च्या सुरुवातीला सहाव्या क्रमांकापर्यंत गेलं आणि एरिक बेलची गिटार अजूनही अंगावर काटा आणते. पण 'जॉनीज वेडिंग' त्याच्या काही महिने आधीचं आहे. शिवाय थिन लिझीसाठी ते एक गाणं होतं, त्यांची मुख्य वाट वेगळी. हॉर्सलिप्सने मात्र हाच मार्ग धरला आणि दहा वर्षं सोडला नाही.

स्वतःचं लेबल काढायची काय गरज होती?

माझ्या मते या बँडचा सर्वांत धाडसी निर्णय हाच. १९७२ मध्ये नवा बँड म्हटलं की मोठ्या रेकॉर्ड कंपनीचं दार ठोठवायचं, आगाऊ पैसे घ्यायचे आणि ध्वनिमुद्रणाची मालकी कंपनीला लिहून द्यायची, हीच पद्धत होती. पैसे कंपनीचे म्हणून टेपही कंपनीची. पुढे पन्नास वर्षं ती रेकॉर्ड विकली गेली तरी कलाकाराच्या हातात करारात लिहिलेला तुटपुंजा हिस्सा.

हॉर्सलिप्सने 'ओट्स' काढलं, स्वतःच्या रेकॉर्ड स्वतः आणल्या आणि आयर्लंडबाहेर वेगवेगळ्या कंपन्यांना त्या फक्त विक्रीसाठी परवान्याने दिल्या. अमेरिकेत ॲटको, ब्रिटनमध्ये आरसीए, नंतर डीजेएम. मालकी आपल्याकडे, वितरण दुसऱ्याकडे, असा हिशेब. कव्हरची चित्रं, आतला मजकूर, जाहिराती, हेही बरंचसं तेच करत. जाहिरात कंपनीतला अनुभव इथे कामी आला. मजकूर कसा लिहायचा, छपाईवाल्याकडून काम कसं करून घ्यायचं, वस्तू दुकानात कशी उठून दिसेल, हे त्यांना नोकरीतच कळलं होतं. त्या वयाच्या किती वादकांना हे येत असेल?

पंक रॉक आल्यानंतर स्वतःचं लेबल काढणं ही मोठी चळवळ झाली. ती १९७६-७७ च्या पुढची गोष्ट. डब्लिनच्या या मंडळींनी पाच वर्षं आधी, पाठीशी कुठलीही चळवळ नसताना ते केलं होतं.

तेव्हाच्या राजकारणाचा या रेकॉर्डशी संबंध आहे का?

थेट नाही. पण काळ विसरून चालणार नाही. ३० जानेवारी १९७२ ला डेरीत ब्रिटिश सैनिकांनी मोर्चावर गोळीबार केला, तो 'ब्लडी संडे'. २ फेब्रुवारीला डब्लिनमध्ये संतप्त जमावाने ब्रिटिश दूतावास जाळला. त्यानंतर सहा आठवड्यांनी ही रेकॉर्ड आली. अशा दिवसांत आयरिश धून वाजवणं म्हणजे एका बाजूचा झेंडा हातात घेणं, असा अर्थ सहज लावला गेला असता. हॉर्सलिप्सने धून कोणाच्याही हाती झेंडा म्हणून दिली नाही. ते उत्तरेत आणि दक्षिणेत दोन्हीकडे वाजवत राहिले. ३१ जुलै १९७५ ला मायामी शोबँडच्या वादकांची उत्तर आयर्लंडमध्ये रस्त्यावर गाडी अडवून हत्या झाली, तेव्हा रात्री कार्यक्रम करून सीमेपलीकडून परतणं कोणत्याही बँडसाठी जिवावरचं काम झालं. तरीही हॉर्सलिप्स बेलफास्टला जात राहिले आणि त्यांचा निरोपाचा कार्यक्रमही १२ ऑक्टोबर १९८० ला बेलफास्टच्या अल्स्टर हॉलमध्येच झाला.

सिंगलनंतर लगेच काय झालं?

त्याच वर्षी दुसरं सिंगल 'ग्रीन ग्रॅव्हल', आणि वर्षाअखेर पहिला अल्बम 'हॅपी टू मीट, सॉरी टू पार्ट'. तो टिपेरारी परगण्यातल्या लाँगफील्ड हाउसमध्ये रेकॉर्ड केला. हे घर पूर्वी चार्ल्स बियांकोनीचं, ज्याने एकोणिसाव्या शतकात आयर्लंडभर घोडागाड्यांची प्रवासी सेवा उभी केली. तिथे रोलिंग स्टोन्सचा फिरता स्टुडिओ, म्हणजे ट्रकमध्ये बसवलेली रेकॉर्डिंगची सगळी यंत्रणा, अंगणात आणून उभी केली होती. अल्बमचं कव्हर कॉन्सर्टिनाच्या आकाराचं, अष्टकोनी, घडी उलगडणारं होतं. आयर्लंडमध्ये आठ वर्षांत सर्वांत झपाट्याने खपलेला अल्बम अशी त्याची ख्याती झाली. यातली गाणी आयर्लंडपुरती मर्यादित नाहीत. अंध हार्पवादक ओकॅरोलन यांची रचना आहे, स्कॉटिश गेलिक गाणं आहे, शेटलंडकडची आणि उत्तर इंग्लंडची छटाही आहे.

'डॅरग डूम'चं या सिंगलशी नातं काय?

'जॉनीज वेडिंग'मध्ये धून वर आणि रॉक खाली, अशी मांडणी आहे. 'डॅरग डूम'मध्ये (१९७३, 'द टॉइन' अल्बम) हे उलटं केलं. 'ओनील्स मार्च' नावाची जुनी कूच करण्याची धून घेतली, तिचा तुकडा जॉनी फीनच्या गिटारला दिला आणि तोच गाण्याचा मुख्य रिफ, म्हणजे पुन्हा पुन्हा येणारा सुरांचा छोटा तुकडा, झाला. म्हणजे आता धून रॉकवर बसलेली नाही, तीच गिटारच्या तोंडून बोलते. दोन्ही रेकॉर्ड लागोपाठ ऐकल्या की वर्ष-दीड वर्षात बँड कुठून कुठे पोचला ते लख्ख दिसतं.

'द टॉइन'ची सुरुवात डब्लिनच्या ॲबी थिएटरमुळे झाली. तिथल्या नाटकासाठी त्यांना संगीत मागितलं होतं. कथा अल्स्टरच्या पुराणातली: कॉनाक्टची राणी मेव्ह कूलीचा तपकिरी बैल पळवायला सैन्य घेऊन निघते आणि तरुण वीर कू खुलिन तिला एकटा अडवतो. १९९० मध्ये आयर्लंडचा फुटबॉल संघ विश्वचषकाला गेला तेव्हा संघाच्या गाण्यात हाच रिफ वापरला. ते गाणं यूटू या आयरिश रॉक बँडचा ड्रमर लॅरी मलन याने तयार केलं होतं. त्यामुळे ज्या आयरिश माणसाने हॉर्सलिप्सचं नाव ऐकलं नाही त्यालाही हा रिफ तोंडपाठ असतो.

पारंपरिक संगीतवाले नाराज झाले नाहीत का?

काही झालेच. जुन्या धुनेला गिटार आणि ड्रम्स लावले की ती बिघडते, असं मानणारे तेव्हाही होते, आजही आहेत. त्यांची भीती मी झटकून टाकत नाही. वर सांगितलं तसं, ड्रम्सखाली धुनेतली बारीक लय खरंच दबू शकते. पण हॉर्सलिप्सने धुना वरवर उचलल्या नाहीत. ओकॉनरचं फिडल आणि कॉन्सर्टिना, लॉकहार्टची व्हिसल ऐका; त्या वाद्यांचा रियाज असल्याशिवाय तसं वाजत नाही. आणि अनेक तरुण रॉकमधून उलटे मागे चालत मूळ धुनांपर्यंत पोचले. माझ्यासारख्या परदेशी श्रोत्याचंही तसंच झालं: आधी गिटार आवडली, मग फिडल, आणि शेवटी नुसतं एकट्या फिडलचं वादन.

मग रेकॉर्डच्या हक्कांवरून कोर्टकचेरी का झाली? लेबल तर त्यांचंच होतं!

१९८० मध्ये बँड थांबला, सगळे आपापल्या कामाला लागले. डेव्हलिन चित्रपट-मालिकांच्या लेखनाकडे आणि दिग्दर्शनाकडे वळला, त्याने यूटूचे काही व्हिडिओही केले. लॉकहार्ट रेडिओत गेला, कार पत्रकारितेत. त्या वर्षांत त्यांचं संगीत हातातून निसटलं आणि दुसऱ्यांकडून निकृष्ट प्रतीच्या संग्रहांच्या रूपात बाजारात येत राहिलं. पाचही जणांनी मिळून बेलफास्टच्या न्यायालयात लढा दिला आणि १९९९ मध्ये हक्क परत मिळवले. त्यानंतर मूळ टेपांवरून नीट केलेल्या आवृत्त्या निघाल्या.

बँड फुटल्यावर वीस वर्षांनी पाच मित्र एका बाजूने कोर्टात उभे राहतात, हे संगीताच्या धंद्यात फार क्वचित दिसतं. एरवी अशा वेळी सभासदच एकमेकांविरुद्ध उभे असतात. पहिल्या सिंगलपासून सगळं सामाईक मालकीचं ठेवल्याचा यात मोठा वाटा असावा, असं मला मनापासून वाटतं.

ते पुन्हा एकत्र वाजवायला आले का?

आले. २००४ मध्ये डेरीत चाहत्यांनी त्यांच्या आठवणींचं प्रदर्शन भरवलं, त्या निमित्ताने पाचही जण जमले आणि त्याच वर्षी 'रोल बॅक' हा जुन्या गाण्यांचा नव्या, ध्वनिवर्धक-विरहित मांडणीचा अल्बम आला. डिसेंबर २००९ मध्ये बेलफास्ट आणि डब्लिनमध्ये मोठे कार्यक्रम झाले. जॉनी फीन २८ एप्रिल २०२३ ला गेला.

'जॉनीज वेडिंग' आज कुठे ऐकायला मिळेल?

'ट्रॅक्स फ्रॉम द व्हॉल्ट्स' हा १९७७ चा संग्रह शोधा. सुरुवातीची सिंगल्स आणि इतर सुटी ध्वनिमुद्रणं त्यात एकत्र केली आहेत. ज्यांना सगळंच हवं आहे त्यांच्यासाठी २०२३ मध्ये 'मोअर दॅन यू कॅन च्यू' नावाचा भलामोठा संच निघाला, पण सुरुवात त्याने करू नका, दमून जाल.

नव्याने ऐकणाऱ्याला मी असा क्रम सांगतो: 'जॉनीज वेडिंग', मग पहिल्या अल्बममधलं 'फर्निचर', मग 'डॅरग डूम', मग 'किंग ऑफ द फेअरीज' (१९७४), आणि शेवटी १९७६ चा 'द बुक ऑफ इन्व्हेजन्स' सलग. हा शेवटचा अल्बम जुन्या आयरिश संगीतातल्या तीन भावांवर बांधला आहे: आनंदाचं संगीत, दुःखाचं संगीत आणि झोप आणणारं संगीत. रससिद्धांताची ओळख असलेल्या आपल्या श्रोत्याला तो चटकन जवळचा वाटेल. हेडफोन चांगले लावा. फोनच्या छोट्या स्पीकरवर बास पूर्ण गायब होतो आणि या संगीताचं अर्धं म्हणणं बासमध्ये आहे.

मी आयर्लंडमध्ये नोकरीसाठी आलो आहे. यातलं काही प्रत्यक्ष बघता येईल का?

डब्लिनमध्ये असाल तर तीन जागा चालत होतील. लोअर ॲबी स्ट्रीटवरचं ॲबी थिएटर. डॉसन स्ट्रीटवरची रॉयल आयरिश अकादमी, जिथे 'बुक ऑफ द डन काउ' हे सुमारे नऊशे वर्षांपूर्वीचं हस्तलिखित आहे. 'टॉइन'ची कथा लिखित रूपात सापडते ती सर्वांत जुनी याच्यात. मूळ पानं रोज मांडलेली नसतात, तेव्हा आधी चौकशी करून जा. आणि मेरियन स्क्वेअरमधलं आयरिश ट्रॅडिशनल म्युझिक आर्काइव्ह. तिथे जाऊन एखाद्या धुनेचं नाव सांगा, तिची छापील स्वरलिपी आणि वेगवेगळ्या वादकांची ध्वनिमुद्रणं शोधायला तिथली माणसं आपुलकीने मदत करतात. 'जॉनीज वेडिंग' हे नाव घेऊनच आत शिरा.

सुट्टी असेल तर लाउथ परगण्यातल्या कूली द्वीपकल्पावर जा, कार्लिंगफर्डपर्यंत. बैलाची ती सगळी लढाई याच डोंगरांमधली. गाडीने डब्लिनहून साधारण सव्वा-दीड तास लागतो, आणि 'द टॉइन' जेमतेम पाऊण तासाचा, म्हणजे जाताना एकदा आणि येताना एकदा आरामात ऐकून होतो.